एका हातानं हिसकाव

टेक १.

प्यो गिल्दो नायकाऐवजी काचेतून आरपार उडाला. अंगात गुप्तहेर नायकाचा सूट, डोक्यावर नायकासारखे केस, गळ्यात पिवळा टाय. टाय सुरेख फडफडला. वरून चेरीच्या पाकळ्याही पडल्या. सोलमधल्या बंद गोदामात पाकळ्या कुठून, हे विचारायची सोय नव्हती.

"कट! अरे, पिस्तूल दोन्ही हातांनी घेतलंस!" दिग्दर्शक बान ओरडले.

खलनायकाचा गुंड झालेला उबिन कमरेत वाकला. "चुकलं, साहेब. समोर गिल्दोदादा होते ना. वडीलधाऱ्यांकडून काही घ्यायचं म्हणजे दोन्ही हातांनी..."

"घ्यायचं नाहीये! हिसकवायचंय!"

टेक २.

एका हातानं हिसकावलं. दुसरा हात मात्र अदबीनं कोपराखाली गेला.

गिल्दो पुन्हा काचेतून. डावा खांदा कट्कन वाजला.

दोन आणि तीनच्या मध्ये.

नकली काचा तीनच बनवल्या होत्या. म्हणजे काच एकच उरली.

खांदाही एकच.

"राहू दे," बान म्हणाले. "पडणं संगणकावर करून घेऊ."

गिल्दोच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तीस वर्षं तो दुसऱ्यांच्या नावावर पडत आला होता. या चित्रपटानंतर थांबणार होता. आणि हे शेवटचं पडणं संगणक पडणार?

"मीच पडतो," तो म्हणाला आणि त्यानं उबिनची कॉलर धरली. "शिवी घाल मला."

"अहो दादा, असं कसं?"

"अहो गेलं खड्ड्यात. अरे म्हण."

"अरे... दादा."

"दादा नको, गाढवा!"

"अरे... म्हाताऱ्या?"

"मोठ्यानं! तंगडीत जोर येईपर्यंत!"

टेक ३.

हिसका. एकाच हाताचा. "मर, म्हाताऱ्या!" लाथ. पाकळ्या, टाय, नकली गुलाबी रक्ताची कमान, काचांचा सडा.

गादीवर पडल्या पडल्या गिल्दोला कळलं की खांदा निखळलाय. आणि पडणं जमलंय.

मग तेच दृश्य पडद्यावर संथ गतीत चाललं. उबिनचं तोंड पडदाभर उघडलं. म्हा... ता... ऱ्या...

"नायक अठ्ठावीस वर्षांचा आहे," बान म्हणाले.

उबिन पुन्हा वाकला.

"वाकू नकोस रे!" गिल्दो गादीवरूनच खेकसला. "साहेब, आवाज नंतरच भरता ना? मग 'बाताड्या' भरा. ओठ तसेच हलतात."

बाननी स्वतःचे ओठ हलवून पाहिले. म्हाताऱ्या. बाताड्या. पुन्हा एकदा.

"ठेवा," ते म्हणाले. "टेक तीन."

उबिननं दोन्ही हातांनी बर्फाची पिशवी पुढे केली. "दादा, घ्या ना."

गिल्दोचा डावा हात वर होतच नव्हता. त्यानं उजव्यानं पिशवी खस्सकन ओढली.

"असं हिसकावतात, गाढवा."