बांधावरचा दगड

टक्. मांडीवर लोडरची लोखंडी पट्टी उतरवली की गळ्यातली चांदीची करडगी, इष्टलिंगाची डबी, तिच्यावर आपटते, आतलं लिंग दचकल्यासारखं वाटतं, आणि मगच यंत्र जिवंत होतं — पट्टी वर असेल तर हा छोटा लोडर जागचा हलत नाही. एक दांडा पुढे, एक मागे, की जागच्या जागी गिरकी. वळसंगच्या या सहा एकरांत कल्लप्पा सकाळपासून वेडी बाभूळ उपटतोय. एकटाच.

शेत आता परक्याचं. थोरल्या भावानं विकलं, सही कल्लप्पाचीही होती. आणि मोकळं करायचं काम फिरून त्याच्याकडेच आलं...

विहिरीपासून चाळीस पावलं. की बांधापासून? अव्वाला, आईला, लिंगायत रीतीनं बसवून पुरलं तेव्हा खड्ड्यात उतरून त्यानंच तिची मान सरळ धरली होती. विभूती, बेलपानं, माती, वर एक दगड. पुढच्या पेरणीला दगड ट्रॅक्टरच्या आड आला — मी उचलून बांधावर ठेवला. म्हटलं, सुगी झाली की परत ठेवू. सुगी झाली. अकरा सुग्या झाल्या, मागच्या काही तर पडीक रानातच. दर अमावास्येला थोरला बांधावरच नारळ फोडायचा, वहिनी बांधावरच डोकं टेकायची, आणि मी — मीही टेकायचो...

बकेट मातीत शिरते. पांढरं काही दिसलं की हात थांबतो. मूळ. पुन्हा मूळ. मध्ये एका ठिकाणी मन अडखळलं, तिथल्या चार बाभळी त्यानं तशाच ठेवल्या. खूण काही नाही. नुसतं अडखळणं.

दुपारी मालकाचा माणूस जोतिराम मोटारसायकलवरून आला.

"अण्णा, मदलाच तुकडा का ठिवलाव? बाभळीसंगं लगीन लावायचंय की काय?"

कल्लप्पानं पट्टी वर केली. यंत्र गप्प.

"माझी अव्वा हाय तितं."

जोतिरामचं हसू विरलं. त्यानं चपला काढल्या.

"तितंच? नक्की?"

"व्हय की."

"मग ऱ्हाऊ दे तेवढं. मालकाला मी सांगतो. बाकीचं उरका."

तो गेला. धूळ बसली. बाकीचं — निम्मं रान अजून उभं होतं, आणि त्यात कुठंही अव्वा...

टक्.

दांड्यांवर हात ठेवून कल्लप्पा त्या चार बाभळींकडे बघत राहिला. मग हळूच म्हणाला,

"अव्वा, तिकडं बाभळींखाली सरकून बस गं."

आणि ती सरकेपर्यंत थांबला.