चौदा नंबर

कुलसुमला किळस म्हणून येत नसे. मस्कतच्या रुवी भागातल्या लॅबमध्ये चार वर्षं तिने लोकांच्या थुंकीच्या डब्या उघडल्या होत्या, शौचाचे नमुने काडीने काचेवर पसरले होते, आणि मग हात धुऊन तिथेच बाजूला बसून डबा खाल्ला होता. तिच्याबरोबर काम करणारी जमिला नाकाला ओढणी लावून म्हणायची, "तुला अल्लाने नाक नुसतं शोभेला दिलंय गो." कुलसुम हसायची. रत्नागिरीच्या कॉलेजातून बी.एस्सी. करून ती इथे आली तेव्हापासून तिला एकच खोड होती. समोर दिसतंय ते तसं का दिसतंय, हे कळल्याशिवाय तिला करमत नसे. कारण कळलं की घाण उरतच नाही, असं तिचं म्हणणं.

एकोणीसशे नव्व्याण्णवच्या मे महिन्यात मस्कतभर एक पोस्टर लागलं. निळ्या शर्टातला उंच काळा पोरगा बास्केटबॉल घेऊन हवेत उडालेला, छातीवर चौदा नंबर, आणि खाली एका सरबत कंपनीची लालभडक बाटली. कुलसुमचे वडील बाबामियाँ त्याच कंपनीची व्हॅन चालवत, त्यामुळे व्हॅनच्या दोन्ही अंगांना चौदा नंबर चिकटलेला. बरक्यापासून कुरुमपर्यंत माल टाकताना लोक माना वळवून बघत, आणि संध्याकाळी वादी अदाई वस्तीतल्या घरी आल्यावर बाबामियाँ मॅनेजरकडून ऐकलेलं जसंच्या तसं सांगत.

"फिलाडेल्फिया म्हणून शहर हाय अमेरिकेत. एका शहरात पाच कॉलेजं, पाचांच्या पाच टीमा, आणि पाचांचं एकमेकांशी हाडवैर! मॅच असली की घरात भाऊ भावाशी बोलत नाय. आपल्याकडं खालच्या मोहल्ल्याची न् वरच्या मोहल्ल्याची कबड्डी व्हायची ना, तसं. त्या पोरांतनं वेचून वेचून आणलीत."

"आणली कोणी?" कुलसुमने विचारलं.

"हाय कोण तो कोल. सुट्टीत पोरं गोळा करतो, देशोदेशी फिरवतो. आणि चौदा नंबर म्हणजे त्यातला राजा!"

"त्याचं नाव काय, अब्बा?"

"नाव?" बाबामियाँ अडखळले. "चौदा नंबर. पोस्टरवर तेवढंच हाय."

मॅच गुरुवारी संध्याकाळी बौशरच्या हॉलमध्ये, ओमानच्या निवडक टीमबरोबर होती. बुधवारी दुपारी चौदा नंबर स्वतःच लॅबच्या दारात उभा राहिला. उभा म्हणजे, दोन्ही बाजूंनी दोघांनी धरलेला. हॉल मिळायला वेळ होता म्हणून कोलने सकाळी अकरा वाजता हॉटेलमागच्या उघड्या कोर्टवर सगळ्यांना पळवलं होतं. पारा त्रेचाळीसवर. एक जण उशिरा आला म्हणून शिक्षा सगळ्यांना. अठराव्या फेरीला हा कोसळला. हॉलचा नियम असा, की सरावात पडलेल्या खेळाडूचा रक्ताचा रिपोर्ट तिथल्या डॉक्टरला दाखवल्याखेरीज त्याला उतरवायचं नाही. म्हणून ही वारी.

कोल गोरा, गुबगुबीत, गळ्यात शिट्टी. तो थेट लॅबचे मालक राजीव सर यांच्याशी बोलू लागला. "चौदा नंबर उद्या लागणारच. पोस्टरवर तोच आहे. किती वेळात तयार होईल?"

गॅरेजात गाडी सोडल्यासारखं. पोरगा दोन हातांच्या अंतरावर होता, पण कोलने त्याच्याकडे एकदाही बघितलं नाही.

कुलसुमने त्याला खुर्चीत बसवून दंडाला पट्टा बांधला. "नाव?"

"मार्विन ऑडम, मॅडम. वय वीस."

तिने ट्यूबवर नाव लिहिलं. मांड्यांत गोळे येत होते तसा तो दात आवळत होता, आणि मध्येच उगाच हसतही होता.

"फेऱ्या किती झाल्या?"

"मोजल्या नाहीत. कोचने मोजल्या." मग हळूच, "मॅडम, काही वाईट निघालं तर लिहू नका. स्कॉलरशिप वर्षावर्षाने देतात. पाय दुखतो एवढं कळलं तरी पुढच्या वर्षी माझ्या जागी दुसरा. माझी आई बस चालवते. आमच्या घरातून कॉलेजात गेलेला मी पहिलाच."

"माझे अब्बा व्हॅन चालवतात," कुलसुम म्हणाली. "तुमच्या फोटोची."

"मग त्यांना सांगा, वळणावर जपून. माझं नाक जाईल." तो पुन्हा हसला आणि लगेच मांडी धरून कळवळला.

लघवीचा नमुना आला तो कोऱ्या चहासारखा. कुलसुमने पट्टी बुडवली. पट्टी म्हणाली, रक्त आहे. थेंब सूक्ष्मदर्शकाखाली धरला, तर रक्तपेशी एकसुद्धा नाही. पट्टी खरी आणि भिंगही खरं, म्हणजे ते रक्त नव्हतंच. स्नायू फाटले की त्यांच्यातलं लाल द्रव्य रक्तात उतरतं आणि मूत्रपिंडात जाऊन बसतं. माणूस पळत राहिला तर आधी मूत्रपिंड जातं, मग माणूस.

पण वीस वर्षांच्या, रोज पळणाऱ्या पोराचे स्नायू अठरा फेऱ्यांत का फाटावेत? उत्तर तिच्या हाताने आधीच करून ठेवलं होतं. कोलच्या कागदावर फक्त साधी रक्ततपासणी लिहिलेली. पण ओमानात बऱ्याच घरांत कुणाच्या ना कुणाच्या रक्तात सिकलचा आनुवंशिक दोष सापडतो, म्हणून या लॅबची रीतच होती, की आलेल्या प्रत्येक रक्ताचा एक थेंब वेगळा काढायचा, त्यावर औषध टाकायचं, काच झाकायची आणि हवा लागू नये म्हणून कडा नेलपॉलिशने बंद करायच्या. जमिलाची संपत आलेली लाल बाटली त्यासाठीच ठेवलेली. कुलसुमने सवयीने तेच केलं होतं. तासाभराने काच भिंगाखाली घेतली, तर गोल पेशी वाकून कोयत्यासारख्या झालेल्या. एरवी हा दोष वागवणारा माणूस जन्मभर ठणठणीत असतो, त्याला पत्ताही नसतो. उन्हात दम संपेस्तोवर पळवलं, तरच तो जिवावर येतो.

तिने दोन पानं टाइप केली. पहिल्यावर साधी तपासणी, दुसऱ्यावर लघवी आणि सिकल. राजीव सरांनी पहिलं पान ठेवलं आणि दुसरं दोन बोटांनी तिच्याकडे परत सरकवलं.

"हे त्यांनी मागितलं होतं?"

"नाही सर. पण तो उद्या खेळला तर मरेल."

"पहिल्या पानावरचे आकडे नॉर्मल आहेत ना?"

"आहेत."

"मग आपण खोटं काय लिहितोय? मागितलं ते दिलं. खलास." त्यांनी सही ठोकली. "आणि कुलसुम, उद्याचा पुढच्या रांगेचा पास आहे मला. कोल पुढच्या वर्षी सगळ्या टूरच्या तपासण्या आपल्याकडे देणार आहे. डोकं चालवायचं असेल तर ते भिंगात चालव."

समोर तो कोऱ्या चहासारखा नमुना होता, शेजारी सरांचा इस्त्रीचा शर्ट. कुलसुमला किळस आली, ती नमुन्याची नव्हे. कारण कळत होतं, तरी घाण उरलीच होती.

गुरुवारी बाबामियाँ नवा सदरा घालून, मोगऱ्याचं अत्तर लावून तयार. कंपनीने ड्रायव्हरांना मागच्या रांगेतले पास दिलेले. वाटेत कुलसुमने पर्स मांडीवर घट्ट धरली होती. तिच्या पर्समध्ये दुसरं पान होतं, बिनसहीचं.

हॉल खच्चून भरलेला. मल्याळी, पाकिस्तानी, कोकणी, शाळेच्या बसेस भरभरून आलेली पोरं, आणि सगळ्यांच्या हातात कंपनीने वाटलेले चौदा आकड्याचे पुठ्ठे. कुलसुम वडिलांना जागेवर बसवून खाली उतरली. कपडे बदलायच्या खोलीबाहेर टेबल टाकून हॉलच्या डॉक्टर झुवैना बसल्या होत्या. त्यांच्यासमोर राजीव सरांचं पहिलं पान होतं.

कुलसुमने दुसरं पान त्यावर ठेवलं. डॉक्टरांनी एक ओळ वाचली आणि चष्मा काढला.

"उन्हात पळाला होता?"

"अठरा फेऱ्या."

"माझ्या भावाला आहे सिकल," डॉक्टर म्हणाल्या. "कोल म्हणाला, फक्त ऊन लागलं. पण या पानावर सही नाही. बिनसहीच्या कागदावर मी कुणाला थांबवू शकत नाही."

टेबलावर पेन होतं. कुलसुमने सही केली. स्वतःचं पूर्ण नाव, तारीख आणि वेळसुद्धा, लॅबमध्ये लिहायची तशी.

मग सगळं भराभर झालं. डॉक्टर आत गेल्या, अँब्युलन्सवाल्याला हाक मारली, चाकांची खुर्ची आली. आतून कोलचा आवाज चढला. रागाने लाल झालेला कोल दारात आला, कुलसुमकडे बघितलं, पुन्हा आत वळला. दार उघडंच राहिलं. मार्विनला कसं वाटतंय, असं तो विचारेल म्हणून कुलसुम थांबली होती.

"शर्ट काढ," कोल म्हणाला.

मार्विनला कळलं नाही.

"शर्ट. चौदा नंबर बाहेर जायलाच हवा."

खुर्चीत बसवलेल्या त्या पोराचे दोन्ही हात वर करून कोलच्या मदतनिसाने घामाने भिजलेला शर्ट ओढून काढला आणि समोरच्या बाकावर फेकला. "एकतीस, तू घाल." एकतीस नंबरचा पोरगा मार्विनपेक्षा वीतभर बुटका, खांद्यांत रुंद, रंगाने उजळ. तो मार्विनकडे बघत राहिला.

"घाल म्हणतो ना! इथं कुणाला कळतंय?" कोल म्हणाला. पोराने मान खाली घातली आणि ओला शर्ट डोक्यातून घातला.

खुर्ची ढकलत डॉक्टर बाहेर आल्या. मार्विनची छाती उघडी. कुलसुमने आपली ओढणी काढून त्याच्या खांद्यावर टाकली. त्याने ती झटकली.

"सांगितलं होतं, लिहू नका."

तिने खाली पडलेली ओढणी उचलली. बोलण्यासारखं होतं तेवढं कागदावर होतं. खुर्ची बोळाच्या टोकाला पोचली तेवढ्यात आत हॉलमध्ये छत उडेल असा गलका झाला. "फोर्टीन! फोर्टीन!" मार्विनने मान वळवली.

"बास्केट मीच टाकला वाटतं," तो म्हणाला, आणि दार बंद झालं.

मॅचच्या मध्यंतरात कोलला भेटून आलेल्या राजीव सरांनी तिला जिन्यावर गाठलं. "शनिवारी येऊन तुझी सर्टिफिकेटं घेऊन जा." त्यांच्या हातात सरबताची बाटली होती, मिशीला लाल फेस लागलेला. कुलसुम त्या फेसाकडे बघत राहिली. थुंकीच्या डबीकडे तिने इतकं वाकडं तोंड करून कधी बघितलं नव्हतं.

वर बाबामियाँ घसा बसेपर्यंत ओरडत होते. त्यांच्या दोन्ही बाजूंची माणसं ओरडत होती, शाळेची पोरं ओरडत होती, पुठ्ठ्यांवरचा चौदा खालीवर होत होता. खाली तो बुटका पोरगा कुणाच्याही नजरेला नजर न देता पळत होता. हजारभर माणसं त्याच्याकडे बघत होती आणि हा दुसराच माणूस आहे हे एकालाही दिसत नव्हतं.

मॅच संपल्यावर व्हॅनशी येताना बाबामियाँ खुशीत होते. "बावीस पॉइंट केले चौदाने! पण आज जरा हळू पळाला, नाय गो?"

"तो नव्हता, अब्बा." तिने सगळं सांगितलं, थेंबापासून शर्टापर्यंत. नोकरी गेल्याचंही.

"काय बोलतीस? मी बघितला की डोळ्यांनी!" बाबामियाँ व्हॅनच्या अंगावरच्या पोस्टरजवळ वाकले. पार्किंगच्या दिव्यात बराच वेळ निरखत राहिले. मग ओशाळून म्हणाले, "हे काळे सगळे सारखेच दिसतात गो."

कुलसुमला वाटलं, आता आपण इथेच ओकणार. हे ज्या तोंडातून आलं त्या तोंडाने तिला लहानपणी घास भरवले होते.

"अब्बा, तुमचा मालक, तो अर्बाब, तुम्हाला काय हाक मारतो?"

"रफीक."

"आणि दुसऱ्या व्हॅनवरच्या नायर अंकलला?"

"रफीक."

"आणि माल उतरवणाऱ्या त्या बांगलादेशी पोराला?"

बाबामियाँ दार उघडून व्हॅनमध्ये बसले. बावीस वर्षं ते त्या मालकाच्या गाड्या चालवत होते. पाठमोऱ्या तिघांना 'रफीक', म्हणजे दोस्त, अशी एकच हाक जायची आणि तिघंही वळायचे. त्यांनी व्हॅन सुरू केली. कुरुमचे दिवे मागे पडले, वादी अदाईच्या डोंगराची काळी भिंत समोर आली.

"नाव काय त्याचं?" त्यांनी विचारलं.

"मार्विन ऑडम. ट्यूबवर मी लिहिलंय."

"वाचंल?"

"आज खेळू दिला नाही म्हणून वाचेल."

बाबामियाँनी व्हॅन कडेला घेतली आणि काच खाली केली. मस्कतच्या रस्त्यावर बावीस वर्षांत ते कधी थुंकले नव्हते. आज मान बाहेर काढून, मघाचं आपलंच बोलणं तोंडातून काढून टाकावं तसे थुंकले, बाही ओठांवरून फिरवली, आणि तिच्याकडे न बघता गिअर टाकला.