आणि की किंवा

सभागृहाच्या इमारतीत तळमजल्यावर, जिन्याच्या मागे मसुदा विभागाची खोली होती. वरच्या मजल्यावर सदस्य एकमेकांवर ओरडायचे, बाकं बडवायचे. पण ज्या ओळींवरून हे सगळं चालायचं त्या ओळी खाली या खोलीत बसून कलमताई लिहायची. तिचं खरं नाव हजेरीपटापुरतं उरलं होतं. बावीस वर्षं कायद्यांची कलमं आणि पोटकलमं लिहून लिहून ती सगळ्यांची कलमताई झाली होती.

खोलीचा नियम एकच, पण कडक. विधेयक सभागृहात मांडलं जाईपर्यंत एका सदस्यानं सांगितलेलं दुसऱ्या कुणालाही कळता कामा नये. कलमताई तो इतका पाळायची की घरी सासूबाईंनी "आज काय लिहिलंस गं?" असं विचारलं तर म्हणायची, "स्वल्पविराम." सासूबाईंच्या जिवाला हे फार लागायचं. त्या सभागृहाचं थेट प्रक्षेपण सकाळी अकरापासून मालिकेसारखं बघत. सत्ताधारी पक्षाचे तोफसाहेब त्यांचे लाडके, आणि विरोधी बाकांवरच्या मास्तरीणबाई त्यांच्या डोळ्यांत खुपायच्या. "ती उभी राहिली की माझं डोकंच उठतं," असं म्हणत त्या आवाज वाढवून सगळं भाषण ऐकायच्या.

एका सोमवारी तोफसाहेब खाली आले. दार लावलं, कडी घातली आणि कुजबुजायला लागले. त्यांची कुजबुज कॉरिडॉरच्या टोकापर्यंत जायची, म्हणून कलमताईनं पंखा मोठा केला.

"कलमताई, निवडणुकीच्या पैशांवर कायदा हवाय. गेल्या खेपेला माझे सगळे फलक एका ठेकेदारानं लावले. मी म्हटलं, भला माणूस आहे. निकालानंतर हा गृहस्थ माझ्या घरी आला, माझ्या खुर्चीत बसला आणि मलाच म्हणाला, 'बसा.' माझ्याच घरात! आणि मी बसलो हो!" त्यांनी कपाळ पुसलं. "कोण कुणाला देणगी देतो ते आठवड्याच्या आत जाहीर झालं पाहिजे. खर्चाला मर्यादा हवी. आणि प्रत्येक फलकावर, पत्रकावर पैसे कुणाचे ते छापलेलं हवं. पण हे त्या मास्तरीणबाईंना कळता कामा नये. कळलं तर हाणून पाडतील."

"नाही कळणार, साहेब," कलमताई म्हणाली.

मंगळवारी मास्तरीणबाई आल्या. राजकारणात येण्याआधी त्या पंचवीस वर्षं गणित शिकवत होत्या. त्यांनी एक घडी केलेलं पत्रक टेबलावर ठेवलं. त्यात त्यांच्याविषयी नको नको ते लिहिलं होतं.

"निवडणुकीच्या आदल्या दिवशी हे घरोघर टाकलं. शिव्यांचं मला काही नाही, पण खाली नाव नाही. अहो, वर्गात भिंतीवर माझं चित्र काढणारं पोरसुद्धा विचारलं की हात वर करायचं." मग त्यांनी वहीतून मुद्दे वाचले: देणग्या आठवड्यात जाहीर, खर्चाला मर्यादा, पत्रकावर नाव. "आणि हे बघा, त्या तोफसाहेबांच्या कानावर गेलं तर संपलंच."

कलमताईनं मान खाली घालून सगळं टिपून घेतलं, कारण मान वर केली असती तर हसू फुटलं असतं.

पुढचे दोन आठवडे तिची मोठी पंचाईत झाली. कपाटात दोन फायली, एक निळी, एक पिवळी, आत जवळजवळ तोच मजकूर. तोफसाहेब येऊन विचारत, "विरोधकांना काही सुगावा?" मास्तरीणबाई येऊन विचारत, "सत्ताधारी काय करतील हो?" ती दोघांनाही सांगे, "मला सांगता येत नाही." दोघंही निराश होऊन जात. एकेकट्यानं विधेयक मांडलं तर दुसरी बाजू नुसत्या हट्टापायी ते पाडणार, हे तिला लख्ख दिसत होतं. रात्रभर तिनं नियमावली वाचून काढली. दोन सदस्यांना एकमेकांचं सांगायला मनाई होती. दोघांना एकाच वेळेला बोलवायला मात्र कुठंच मनाई नव्हती.

गुरुवारी अकराला तोफसाहेब आले. अकरा वाजून एक मिनिटानं मास्तरीणबाई.

"ह्या इथं काय करतायत?" तोफसाहेब गरजले.

"माझं काम आहे," मास्तरीणबाई म्हणाल्या. "तुम्ही वाट चुकलात का? ओरडायची जागा वरच्या मजल्यावर आहे."

"दोघांचंही माझ्याकडे एक मिनिटाचं काम आहे," कलमताई म्हणाली. "एक शब्द अडलाय. तेवढा सांगा आणि भांडा. चौथ्या कलमात 'नाव आणि पत्ता' लिहू की 'नाव किंवा पत्ता'?"

"आणि!" दोघं एकदमच ओरडले.

"किंवा लिहिलं तर नुसता पत्ता देऊन सुटतील," मास्तरीणबाई तावातावानं म्हणाल्या.

"एकाच इमारतीत शंभर कंपन्या असतात, सापडणार कोण?" तोफसाहेबांनी त्यांचंच वाक्य पुढं नेलं आणि मग ते थांबले.

तोफसाहेबांनी मास्तरीणबाईंकडे पाहिलं. मास्तरीणबाईंनी तोफसाहेबांकडे पाहिलं. मग दोघांनी कलमताईकडे पाहिलं.

"मी काहीही सांगितलेलं नाही," कलमताई म्हणाली. "मी फक्त शब्द विचारला."

आधी मास्तरीणबाईंचे खांदे हलायला लागले. मग तोफसाहेब असे हसले की वरच्या शेल्फावरच्या दोन फायली खाली आल्या. हसता हसता त्यांना ठसका लागला आणि मास्तरीणबाईंनी त्यांच्या पाठीत इतक्या जोरात थापट्या मारल्या की बऱ्याच वर्षांचा राग त्यात निघाला असावा.

दुपारपर्यंत एकच मसुदा झाला. भांडण झालं ते फक्त आधी नाव कुणाचं यावरून, आणि तेही उलट्या दिशेनं. "तुमचं आधी." "छे हो, तुम्ही वयानं मोठे." "मोठा कसला, दोनच वर्षांनी!" शेवटी कलमताईनं दोन चिठ्ठ्या टाकल्या.

विधेयक मांडलं गेलं आणि इमारतीत गडबड उडाली. दोन्ही पक्षांच्या नेत्यांना ते मुळीच नको होतं. पण तसं उघड म्हणायची सोय नव्हती; उद्या लोकांनी विचारलं असतं, लपवायचं काय आहे? तेव्हा सत्ताधाऱ्यांच्या नेत्यांनी आपल्या सदस्यांना सांगितलं, "खुशाल 'होय' म्हणा. विरोधक पाडणारच आहेत, पाप त्यांच्या माथी जाईल." आणि विरोधकांच्या नेत्यांनी आपल्या सदस्यांना अगदी हेच सांगितलं.

मतदानाचा दिवस उजाडला. त्या सभागृहात मत द्यायची पद्धत साधी होती. पाठीमागे दोन दारं. 'होय' म्हणणाऱ्यांनी डाव्या दारातून बाहेरच्या अरुंद बोळात जायचं, 'नाही' म्हणणाऱ्यांनी उजव्या. दाराशी मोजणी व्हायची. एकदा दार ओलांडलं की मत पडलं, परत फिरणं नाही.

कलमताई अधिकाऱ्यांच्या सज्जात बसली होती. तिथं हसायला, टाळ्या वाजवायला बंदी. घंटा झाली. सत्ताधारी बाकं उठली आणि डाव्या दाराकडे निघाली. विरोधी बाकं उठली आणि तीही डाव्या दाराकडे निघाली. मध्ये दोन्ही रांगा एकमेकींना भिडल्या. "अहो, तुमचं दार तिकडे!" "तुमचंच तिकडे!" मागचे पुढच्यांना ढकलत होते, पुढचे आधीच दारापलीकडे गेले होते. कुणाचा पाय कुणाच्या पायावर पडला, कुणाचा चष्मा उडाला, कुणाची फाईल कुणाच्या काखेत गेली. उजव्या दाराशी मोजणी करणारा शिपाई एकटाच उभा होता. त्यानं एकदा दाराबाहेर डोकावून पाहिलं, तिथं कुणीच नव्हतं.

बोळात दोन्ही नेते पोटाला पोट लागून समोरासमोर आले.

"तुम्ही इकडे कसे?" एक म्हणाले.

"मी? तुम्ही इकडे कसे?" दुसरे म्हणाले.

दोघांच्याही कपाळाला घाम फुटला. मागं वळावं तर मागून चाळीस माणसं रेटा देत होती. त्या गर्दीतून तोफसाहेबांचा आवाज आला, "चला, चला, पुढं सरका, जागा आहे!" आणि त्यांच्या मागून मास्तरीणबाई वर्गातल्यासारख्या ओरडल्या, "रांगेत! ढकलायचं नाही!"

अध्यक्षांनी आकडा दोनदा तपासून घेतला. होय: एकशे अठरा. नाही: शून्य. कलमताईनं रुमाल तोंडात कोंबला, तरी तिच्या घशातून असा काही आवाज निघाला की शेजारचे उपसचिव म्हणाले, "पाणी देऊ का?"

ती जिन्यात आली तोच फोन वाजला. सासूबाई.

"अगं, पाहिलंस का! सगळेच्या सगळे एकाच दारात! आणि ती मास्तरीणबाई काय ओरडली गं! अशी हवी बाई! हे लिहिलं कुणी?"

विधेयक मांडून मंजूरही झालं होतं. नियम आता लागू नव्हता. कलमताईनं कठड्याला धरलं. "मी, आई."

पलीकडे सासूबाईंनी टीव्हीचा आवाज बारीक केला.

"तू? आमची तू? मग ते नववं कलम एवढं लांबलचक कशाला केलंस? सभागृहात वाचून दाखवताना त्या माणसाला धाप लागली की गं!"

"पुढच्या वेळी छोटं करते."

"कर. आणि आत्ताच्या आत्ता घरी ये. अर्धी रजा टाक. मी शेजारच्यांना सांगून येते."

बावीस वर्षांत कलमताईनं अर्धी रजा कधी टाकली नव्हती. त्या दिवशी टाकली. भर दुपारी, उन्हात, मोकळ्या हातांनी ती रस्त्यानं चालत निघाली. वाटेत एका भिंतीवर मागच्या निवडणुकीतला फलक फाटून लोंबत होता. ती थांबली, तो तळापासून वरपर्यंत वाचला आणि एकटीच मोठ्यानं हसली. समोरून येणारा पोस्टमनही कारण न विचारता हसला.

घराच्या जिन्यात पहिल्या मजल्यावरच माणसं जमली होती. दातांचे डॉक्टर दवाखाना सोडून आले होते, तिसऱ्या मजल्यावरची शिंपीण गळ्यातल्या टेपसकट. मधोमध सासूबाई उभ्या होत्या आणि दोन हात हलवून 'होय'चं दार कुठं आणि 'नाही'चं कुठं ते सगळ्यांना समजावून देत होत्या.

"ही बघा आली!" त्या ओरडल्या. "विचारा हिला, 'आणि'चं काय झालं ते!"

"तुम्हाला 'आणि'चं कुणी सांगितलं?" कलमताईनं चकित होऊन विचारलं.

"तोफसाहेबांनी. आत्ताच टीव्हीवर सांगितलं. हळू आवाजात बोलत होते बिचारे, पण सगळं ऐकू आलं."