कोपरा गेलेलं कार्ड

चांगुणा फाट्यावर मोटारीतून उतरली ती गळा काढूनच. "अरे माह्या बा रे, मले न भेटताच गेला रे!" अर्धा कोस ती तशीच रडत आली. वाटेत तिला दोन बाया भेटल्या. कोण गेलं याची चौकशी न करता त्यांनीही पदर तोंडाला लावला आणि तिच्यामागं चालू लागल्या.

तिचा भाऊ कचरू शिडीवर उभा राहून घराच्या दर्शनी भिंतीला चुना देत होता. चार दिवसांवर पोरीचं, रुख्मिणीचं, लग्न आलेलं. आणि ज्याच्या नावानं हा आकांत चालला होता तो पुंजाजी निंबाखाली खाटेवर बसून वरणात भाकर कुस्करत होता.

"काऊन रडून राह्यली वं?" त्यानंच विचारलं. "कोण मेलं?"

चांगुणाचा सूर तुटला. तिनं बापाला वरून खाली न्याहाळलं, त्याचा पाय चाचपून पाहिला, आणि मग खाली बसून ती पुन्हा रडायला लागली. आता मात्र रागानं.

"मंग मले मयताचं कार्ड काऊन धाडलं रे कचरू?"

"लग्नाचं धाडलं व्हतं मी. गुलाबी नव्हतं का?"

"रंग कोण पाह्यते? कोपरा नव्हता त्याले! दारातच फाडलं, नाल्यात टाकलं अन् मोटारीत बसली."

कचरू शिडीवरून उतरला. मयताचं कार्ड कोपरा फाडून धाडायचं, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक. असं कार्ड कोणी घरात नेत नाही. उंबऱ्याबाहेर कोणाकडून वाचून घेतलं तर घेतलं, नाही तर फाडून टाकायचं आणि निघायचं. कार्ड धाडणाऱ्याच्या घरी गेल्यावर कोण मेलं ते कळतंच.

"एकच कोपरा नसन गेला," कचरू म्हणाला. कार्डं पन्नास होती. त्यातली सहा नवऱ्या मुलाच्या गावी, उंद्रीला गेलेली. सोयऱ्यांच्या घरी मयत झालं असं उंद्रीत कळलं, तर रविवारी वऱ्हाड कशाला येईल? हातावर चुना तसाच घेऊन तो पोस्टाकडे निघाला.

गावचं पोस्ट म्हणजे मोतीराम मास्तरांची पडवी. सकाळी शाळा, दुपारी टपाल. एका बाजूला टेबल, दुसऱ्या बाजूला ज्वारीची पोती, आणि मधल्या खुंटीवर टपालाची थैली.

"तुझं एक कार्ड परत आलंय बघ," मास्तर म्हणाले. "पत्ता सापडला नाही."

कचरूनं कार्ड घेतलं. खालचा उजवा कोपरा नव्हता. दातांच्या खुणा मात्र स्पष्ट होत्या.

"मास्तर, माह्या कार्डाईले उंदरानं खाल्लं."

"इथं नाही. वरच्या ऑफिसात खाल्लं असेल."

"इथून कधी गेले कार्डं?"

मास्तरांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. "डाक नेणारा चार दिवस आला नव्हता. मेव्हण्याचं लग्न होतं त्याच्या."

चार दिवस! म्हणजे मेव्हण्याचं लग्न साजरं होईपर्यंत कचरूच्या पोरीचं लग्न ज्वारीच्या पोत्याशेजारी खुंटीला टांगलेलं होतं. टेबलावर उंदराच्या लेंड्या पडल्या होत्या. कचरूनं त्यांच्याकडे पाहिलं. मास्तरांनीही पाहिलं आणि त्यावर हजेरीपुस्तक सरकवलं.

"कोपराच गेला ना? तारीख शाबूत आहे, वेळ शाबूत आहे. मग रडतोस कशाला?"

"मास्तर, लोकं अक्षराआंधी कोपरा वाचतेत. तुमाले मालूम नाही का? तुमाले दिसला नाही का, धाडताना?"

मास्तरांना दिसला होता. पण पन्नास कार्डं परत करायची म्हणजे स्वतःच्या सहीनं चूक कबूल करायची. एवढी तसदी कोण घेतो, तीही कचरूसाठी?

"लेखी तक्रार दे. वर पाठवतो. महिन्याभरात उत्तर येतं."

"लगीन रविवारी हाये!"

"मग आता मी काय करू? स्वतः फिरून सांगून ये. चालणं तर तुमच्या घरात..." मास्तर तिथंच थांबले.

वाक्य अर्धंच राहिलं, पण लागायचं तिथं लागलं. पुंजाजी गावचा सांगाव्या होता. गावात कोणाच्याही घरी मरण आलं की घुंगराची काठी घेऊन त्यानं आठ-दहा कोस चालायचं, परगावच्या दाराबाहेर उभं राहून ओरडायचं आणि तसंच परत फिरायचं. सात वर्षांपूर्वी धर्म बदलला त्या दिवशी कचरूनं ती काठी चुलीत घातली होती. या घरातला माणूस पुन्हा सांगावा घेऊन चालणार नाही, असं तो सगळ्यांदेखत बोलला होता. म्हणून तर कार्डं. तो स्वतः खामगावला गेला, छापखान्यात खिळे जुळवणाऱ्या जुळाऱ्याच्या डोक्यावर उभा राहिला आणि खाली उजवीकडे एक ओळ टाकून घेतली: निमंत्रक, श्री. पुंजाजी भिवाजी हिवाळे. बापाला उभ्या जन्मात कोणी 'श्री.' म्हटलं नव्हतं. ती ओळ आता सरकारी टपालानं, ज्या दारांबाहेर बाप उभा राहायचा त्या दारांच्या आत जाणार होती.

घरी आल्यावर पुंजाजीनं कार्ड हातात घेतलं आणि उलटंपालटं करून पाहिलं. "माहं नाव कोठं हाये?"

"तेच खाल्लं, बा."

म्हातारा हसला. "माह्यंच? उंदराले तं श्री बी पचला नसन." मग त्यानं खाटेखालच्या वहाणा ओढल्या. "मी जातो. वाट माईत हाये मले."

"तू नाही जायाचं!" कचरू एवढ्यानं ओरडला की चांगुणा दचकली. "सांगावा न्यायाले नाही जनमलो आपण."

"लोकाइचा नाही न्यायाचा. हा आपल्या घरचा हाये बे. आपल्या घरचा सांगावा मी जिंदगीत कधी नेला नाही."

कचरूनं त्याच्या वहाणा परत खाटेखाली सारल्या. दुसऱ्या दिवशी दिवस उगवताच तो स्वतःच निघाला. आडवाट कुठं फुटते ते बापानं सांगितलं होतं.

प्रत्येक गावात तोच तमाशा. त्याला येताना पाहिलं की बाया गळा काढायच्या, आणि हा लांबूनच हात हलवून ओरडायचा, "कोणी मेलं नाही! लगीन हाये!" तिसऱ्या गावापर्यंत त्याचा घसा बसला. मास्तरला, उंदराला आणि डाकवाल्याच्या मेव्हण्याला त्यानं वाटेत सारख्याच शिव्या घातल्या.

भर दुपारी तो माणिकराव पाटलांच्या दारी पोचला. दोन वर्षांपूर्वी त्यांची विहीर कचरूनंच बांधली होती. "पोरीच्या लग्नाला बोलाव बरं," असं तेव्हा ते म्हणाले होते. त्यानं बोलावलंही होतं. गुलाबी कार्ड बाहेर काटेरी कुंपणात खोचलेलं होतं.

ओट्यावर माणिकरावांची आई, कौशल्याबाई, बसली होती. "पुंजाचा पोरगा ना तू? बाप कधी गेला रे?"

"जिता हाये, मायबाई. रविवारी माह्या पोरीचं लगीन हाये. कोपरा उंदरानं खाल्ला."

म्हातारी मनापासून हसली. "माणिक खामगावले गेला. लय ऊन हाये बाप्पा, थांब, पाणी घालतो." ती आत गेली आणि तांब्या घेऊन ओट्याच्या काठाशी आली. "धर ओंजळ."

कचरूच्या जिभेला कोरड पडली होती. पाणी त्याच विहिरीचं होतं. विहिरीच्या तळाला ते लागलं तेव्हा पहिली ओंजळ त्यानंच भरली होती आणि पाटलांनी पेढे वाटले होते.

"पेला नाही का, मायबाई?"

"पेला?" बाईनं मागं घराकडे पाहिलं, मग त्याच्याकडे पाहिलं. तांब्या तिच्या हातात तसाच राहिला. ती वाईट नव्हती. तिला असं कोणी कधी विचारलंच नव्हतं.

कचरूनं कुंपणातलं कार्ड काढलं, धोतराला पुसलं आणि ओट्यावर ठेवलं. "माणिकरावाईले सांगा. रविवारी, दुपारी." आणि तो उन्हात चालू लागला.

उंद्रीला पोचायला दिवेलागण झाली. नवऱ्या मुलाचे वडील अर्जुनराव यांनी मयत झालं असं समजून बैलगाड्यांना आणि वाजंत्र्यांना दोन आठवडे थांबायला सांगून ठेवलं होतं. खुद्द व्याह्याला दारात पाहून त्यांनी त्याला मिठी मारली. रविवार ठरला तो ठरलाच.

शुक्रवारी संध्याकाळी कचरू घरी परतला. पायाला फोड आले होते. पुंजाजी खाटेवर त्याचीच वाट पाहत होता.

"सारे येतेत?"

"येतेत, बा. हरेक दारात तुह्यं नाव सांगतलं. पुंजाजीच्या नातीचं लगीन हाये म्हनलं."

"पानी देलं?"

"देलं. खाटेवर बसवलं."

म्हातारा थोडा घुटमळला. "पाटलाच्या दारी बी?"

"देलं."

"वरून?"

कचरू वाकून वहाणांचे बंद सोडत राहिला. "पेल्यात देलं, बा. ओट्यावर बसून पेलो."

पुंजाजीनं उशाखालचं कार्ड काढलं, कुरतडलेल्या कडेवरून अंगठा फिरवला आणि ते परत ठेवून दिलं. कचरू उठला. रांजणातून त्यानं पितळी पेला भरला आणि आधी बापाच्या हातात दिला. म्हातारा बसल्या बसल्या, सावकाश, सगळं पाणी प्याला. मग कचरूनं स्वतःसाठी भरला.