खिडकीकडची सुरगाठ

मित्रांनो, ही करकर माझ्या डाव्या चाकाची आहे. मी एका मोठ्या कंपनीतली सफाईची ढकलगाडी. आता जुनी झाले आहे, पण पोटात बादली, पाठीवर फडकी आणि पुढे कचऱ्याची पिशवी घेऊन अजून रोज फिरते. नवी होते तेव्हा बड्या साहेबांनी माझ्या पिवळ्या रंगाचं कौतुक केलं होतं. मला ढकलणाऱ्या मावशीचं कौतुक मात्र कोणी केलेलं मी ऐकलं नाही. आम्ही आलो की लोक पाय वर उचलत, मान नाही.

मावशीची एक पद्धत होती. एकदा कोणाची तरी चावी कचऱ्यात गेली आणि सगळ्या पिशव्या उपसाव्या लागल्या. तेव्हापासून ती खिडकीकडच्या पिशवीला सुरगाठ मारायची, जिन्याकडच्या पिशवीला निरगाठ आणि मधल्या ओळीच्या पिशवीला नुसता पीळ. तिची धाकटी जाऊ तिच्याबरोबरच कामाला होती. ती चिडवायची, "ताई, कचऱ्याच्या कसल्या वेण्या घालता!"

एका संध्याकाळी कचरा नेणारा ट्रक फाटकात उभा होता आणि पिशव्या चढवायला सुरुवात झाली होती. एवढ्यात हिशेब खात्यातल्या बाई धावत खाली आल्या. त्यांचे डोळे भरले होते.

"मावशी, टिशूत दात होता हो! माझ्या लेकीचा पहिला दात. सकाळी शाळेच्या दारात पडला, तिने मला सांभाळायला दिला, आणि मी मेलीने तो केळ्याच्या सालीबरोबर टाकून दिला. आता घरी काय तोंड दाखवू?"

जाऊ फिसकन हसली. मावशी हसली नाही.

"कुठे बसता तुम्ही?"

"खिडकीपाशी."

"मग सुरगाठ. अहो ड्रायव्हरदादा, थांबा जरा!"

तिने पिशवी शोधून माझ्यावर ठेवली, गाठ ओढली आणि चहाच्या चोथ्यात हात घातला. जावेनेही हसू आवरून बाह्या सरसावल्या. टिशू सापडला, आणि त्यात तो इवलासा दात! मावशीने तो धुऊन कोऱ्या फडक्यात बांधून दिला. बाई मावशीचे ओले हात धरून नुसत्या उभ्या राहिल्या. मला मावशीचा केवढा अभिमान वाटला म्हणून सांगू!

दुसऱ्या दिवशी आम्ही खिडकीपाशी गेलो, तर टोपलीतली पिशवी आधीच बांधून ठेवलेली. बाई उठून म्हणाल्या, "बघा हो मावशी, जमली का सुरगाठ?"

ती निरगाठ होती. सोडवता सोडवता मावशीची नखं दुखली, पण जिन्यापर्यंत ती हसत होती.

मित्रांनो, माझ्या चाकाला तेल नाही मिळालं तरी चालेल. करकर ऐकू आली की पाय नंतर उचला. आधी मान वर करा.