साध्या काचेपासूनचं अंतर

"रेघ मी मारली होती," चष्म्याच्या दुकानातली काउंटरवरची मुलगी तिसऱ्यांदा म्हणाली. मालकांनी ऐकून घेतलं आणि पहिल्या तारखेपासून दुसरीकडे बघ म्हणून सांगितलं. एका गिऱ्हाईक बाईंना उणे अडीचचा चष्मा हवा होता, मिळाला अधिक अडीचचा. तो घालून बाई पायरीवरून पडल्या होत्या. या दुकानात अधिक नंबराला खूण लावत नसत, फक्त उण्याला आडवी रेघ. तिनं नंबर लिहून मागे दिलेली चिठ्ठी केव्हाच कचऱ्यात गेली होती. मागच्या खोलीत काच घासणाऱ्या काकांनी मात्र छातीठोकपणे सांगितलं, रेघ नव्हती. त्यांचं काम कधी कुणी तपासत नसे. एकतीस वर्षं दुकानात काढलेल्या माणसापुढे सहा महिन्यांपूर्वी लागलेल्या पोरीचं कोण ऐकणार?

संध्याकाळी घरी काकांची नात गणिताची वही घेऊन फुरंगटून बसली होती. उणे चारचं केवलमूल्य चार आणि अधिक चारचंही चारच, हे तिच्या डोक्यात शिरत नव्हतं. काका खूश झाले. हा तर त्यांच्या हातातला विषय.

"साधी काच म्हणजे शून्य. फुगीर घासली की प्लस, खोलगट घासली की मायनस. साध्या काचेपासून किती लांब गेलीस, एवढंच केवलमूल्य विचारतं. कुठल्या बाजूला गेलीस, ते नाही विचारत."

नातीची कळी खुलली. लगेच तिनं पेन्सिलीनं एक आकडा लिहिला आणि आजोबांना तो संख्यारेषेवर मांडायला लावला. काकांनी शून्यापासून चार घरं मोजली, उजवीकडे.

"आजोबा, डावीकडे. मायनस चार आहे ना."

"मायनस कुठंय?"

तिनं त्यांचं बोट धरून कागदावर टेकवलं. कागद नाकाशी नेला तेव्हा कुठे बारीक रेघ दिसली.  हल्ली धूसर दिसतं हे काकांनी वयावर ढकललं होतं. चूक काउंटरवरच्या पोरीवर ढकलली होती. त्यांना स्वतःची मनापासून लाज वाटली.

सकाळी दुकान उघडताच ते एप्रन न बांधता पुढे आले. बोललो की काच घासायचं काम सुटणार, हे त्यांना ठाऊक होतं. दुसरं काही त्यांना येत नव्हतं.

"रेघ असणारच. माझे डोळे गेलेत," ते मालकांना म्हणाले, आणि मुलीकडे वळले. "पोरी, चुकलो मी."

 मालकांनी मुलीला जायची गरज नाही म्हणून सांगितलं आणि काकांसाठी गिऱ्हाइकाची खुर्ची ओढली. तिनं समोरच्या, डोळे तपासायच्या तक्त्यावरचा दिवा लावला. वरच्या दोन ओळी काकांनी नीट वाचल्या. तिसरी धूसर होती, पण तिची अक्षरं त्यांना तोंडपाठ होती. इतकी वर्षं माणसं ती वाचताना त्यांनी मागच्या खोलीतून ऐकली होती.

"पुढचं दिसत नाही," ते म्हणाले.