सव्विसावा हुंकार

पडद्यावरच्या आवाजाच्या हिरव्या पट्टीत पंचवीस छोटे उंचवटे होते. शकुनने ते दोनदा मोजले, एकदा डावीकडून, एकदा उजवीकडून. पंचवीसच. दोन उंचवट्यांमधलं अंतर कमीत कमी चार सेकंद, जास्तीत जास्त अकरा.

"ताई, हे हुं-हुं काढून टाकतो," संकलन करणारा अनुप म्हणाला. "बाई बोलून राहिली अन् मधातच हा बुढा. साफ नाही वाटत."

"तो बुढा माझा बाप आहे. हात नको लावू त्याले."

अमरावतीच्या या बंद खोलीत साफ म्हणजे काय ते अनुप ठरवणार... तिकडे पडद्यावर, धारणीच्या घरी, ओट्यावर, माय आमच्या कोरकू भाषेत सहदेवची गोष्ट सांगत होती — गोष्टीतला सहदेव अकोल्याच्या कपाशीतून निघून डोंगराकडे चालला होता. मेलेल्याला असं गोष्टीतून घरी आणायचं ही मायची, मायच्या मायची रीत. ऐकणाऱ्याने हुं म्हटलं की तो एक पाऊल टाकतो, हुं आला नाही की तिथेच उभा राहतो. खरा सहदेव, माझा धाकटा भाऊ, पाठीवर फवारणीचा पंप असताना बांधावर कोसळला, आणि कुणीतरी कागदावर लिहिलं, 'विषप्राशन'. तो प्यायला नव्हता. ते कातडीतून आत जातं, घामाने आणखी लवकर — हे मला बीएस्सीच्या दुसऱ्या वर्षी शिकवलं होतं, परीक्षेत मी ते आकृतीसह लिहिलं होतं, फोनवर त्याला मात्र...

पंचविसाव्या हुंकारानंतर बा डोळे पुसत गोठ्याकडे गेला. माय म्हणाली, "पोरगा नदीपाशी आला." आणि थांबली.

"हे पाहा, काय पाहून राहिली बाई," अनुप म्हणाला. "इथंच संपवू पिक्चर. लोकं रडतीन."

रडतील. खुर्च्यांवर बसून रडतील आणि मध्यंतरात समोसे खातील. त्याच्या हातातला माउस भिंतीवर आपटावा असं तिला वाटलं, आणि म्हणूनच तिने पडद्याकडे नीट पाहिलं. मायची नजर कॅमेऱ्याच्या लेन्सवर नव्हती. वर होती, वीतभर वर.

तिथे, कॅमेऱ्यामागे, मी होते. कानांवर हेडफोन, ओठ घट्ट मिटलेले, श्वाससुद्धा जपून — आवाज साफ यावा म्हणून.

मग माय उठली. "पाणी भरायचं राह्यलं," एवढंच म्हणाली. त्याला चौदा महिने झाले. तिने ती गोष्ट पुन्हा काढलेली नाही.

"कापू काय इथं, ताई?"

शकुनने माउस त्याच्या हातातून घेतला. 'नदीपाशी आला' इथे एक खूण, माय उठते तिथे दुसरी. मधली पट्टी सपाट होती. तिने खालचा आकडा वाचला.

सत्तेचाळीस सेकंद.